पंधरा, पण काय?

पत्र: "मुलगा नववीत आहे, इंग्रजी माध्यमात. चाचणीत प्रश्न आला होता. तुमच्याकडे ६०० रुपये आहेत. बांगडे माशांचा एक वाटा (ढीग) १०० रुपयांना, एक नारळ ४० रुपयांना. सगळे पैसे या दोन वस्तूंवर खर्च करायचे. समीकरण लिहा, आलेख काढा, दोन्ही इंटरसेप्ट (रेषा अक्षांना छेदते ते बिंदू) शोधा आणि त्यांचा अर्थ सांगा. त्यानं समीकरण बरोबर लिहिलं, ६ आणि १५ हे आकडेही काढले, तरी पाचांपैकी दोनच मार्क. रेषा चुकली म्हणे. विचारलं तर म्हणतो, 'एक्स झीरो घातला, म्हणून तो एक्स इंटरसेप्ट.' शिवाय ६०० हा आकडा आलेखावर कुठे घालायचा हेच त्याला कळलं नव्हतं. मी समजवायला बसले तर चिडला. 'आई, सगळ्या पैशांचे नारळच कोण आणतं? असला बाजार कोण करतो?' मला उत्तर देता आलं नाही. माझं गणित दहावीला सुटलं ते सुटलंच. शिकवणी लावू का? आणि मार्कांसाठी शिक्षकांना भेटू का? – एक आई, थिवी, गोवा."

थिवीच्या ताई, नमस्कार.

शिकवणीचं आणि शिक्षकांना भेटायचं शेवटी बघू. आधी तुमच्या मुलाचा प्रश्न, कारण तो चाचणीतल्या प्रश्नापेक्षा चांगला आहे. असला बाजार कोण करतो? मी पस्तीस वर्षं फळ्यासमोर उभा राहिलो. त्यातली पहिली काही वर्षं हा प्रश्न मला कुणी विचारला नाही, आणि मलाही तो सुचला नाही. "एक्स शून्य ठेवा, वाय काढा. वाय शून्य ठेवा, एक्स काढा. दोन बिंदू जोडा." एवढं म्हणून मी खडू खाली ठेवायचो. मग एका वर्षी, मी फळ्यावर १५ लिहून पुढच्या गणिताकडे वळलो तेव्हा मागच्या बाकावरून एक मुलगी म्हणाली, "सर, पंदरा कितें?" तिच्या घरी मासळीचा धंदा होता. मी म्हटलं, "वाय." ती म्हणाली, "वाय कितें?" वर्ग हसला, मीही हसलो. घरी जाताना मात्र लक्षात आलं की माझ्याकडे उत्तर नव्हतं. बाजारात कुणी नुसतं "पंधरा द्या" म्हणत नाही. माझ्या फळ्यावर तेवढंच लिहिलेलं होतं.

तेव्हापासून माझा नियम झाला की अक्षाला मालाचं नाव दिल्याशिवाय त्यावर आकडा घालायचा नाही. आज संध्याकाळी मुलाला एक कोरा कागद द्या. दोन अक्ष काढू दे. आडव्या अक्षाखाली 'बांगडे, वाटे' असं लिहू दे, उभ्या अक्षाशेजारी 'नारळ, नग'. एक्स आणि वाय कोपऱ्यात बारीक लिहिले तरी चालतील. समीकरणही तसंच लिहू दे: १०० × वाटे + ४० × नारळ = ६००. परीक्षेत त्याला अक्षरंच वापरावी लागतील, पण सरावाच्या कागदावर कोण तपासणार आहे?

आता ते ६००. मी पैजेवर सांगतो, त्यानं उभ्या अक्षावर शंभर, दोनशे करत सहाशेपर्यंत आकडे घातले असतील, आणि मग १५ नारळ तळाशी मुंगीएवढे उरले असतील. त्याला दोष देऊ नका. प्रश्नात सगळ्यात मोठा आणि सगळ्यात आधी आलेला आकडा तोच, तर तो कागदावर कुठेतरी दिसायलाच हवा असं कुणालाही वाटेल. पण अक्षांची नावं वाचा. एकावर मासे, दुसऱ्यावर नारळ. रुपये कुठल्याच अक्षावर नाहीत, मग सहाशे रुपये बसणार कुठे? ते रेषेत मुरलेले आहेत, हुमणात (माशांच्या कालवणात) मीठ मुरतं तसे. रेषेवरचा कुठलाही बिंदू उचला आणि मोजा. २ वाटे आणि १० नारळ: २०० अधिक ४००. ४ वाटे आणि ५ नारळ: ४०० अधिक २००. जिथे बोट ठेवाल तिथे सहाशेच होतात. रेषा म्हणजे 'खिशातले सगळे पैसे संपले' अशा बिंदूंची रांग. हे एकदा कळलं की अक्षावर सहाशे शोधायचा नाद आपोआप सुटतो.

इंटरसेप्ट काढायला मी मुलांना बोट वापरायला सांगतो. समीकरणातल्या '४० × नारळ' या तुकड्यावर बोट ठेवून तो झाका. उरलं '१०० × वाटे = ६००', म्हणजे ६ वाटे. नारळ झाकला याचा अर्थ नारळ घेतलाच नाही, पिशवीत नुसते बांगडे. मग हा बिंदू कुठल्या अक्षावर पडणार? बांगड्यांच्या. उभ्या दिशेनं आपण नारळ मोजतो. नारळ शून्य, म्हणजे वर चढायचंच नाही, जमिनीवरूनच सहा पावलं चालायचं. तसंच आता बोट बांगड्यांवर ठेवा. '४० × नारळ = ६००', म्हणजे १५ नारळ. बांगडे शून्य, म्हणजे आडवं एक पाऊलही टाकायचं नाही, उभ्या भिंतीला धरून सरळ पंधरा पायऱ्या वर.

तुमच्या मुलाची गफलत नेमकी इथे झाली. ज्याला शून्य केलं त्याचंच नाव त्यानं बिंदूला दिलं. ही चूक इतकी सार्वत्रिक आहे की पेपर तपासताना मी ती डोळे मिटून ओळखायचो. त्याला सांगा, घर सोडून जो गेला त्याच्या नावानं घर ओळखत नाहीत, जो राहतो त्याच्या नावानं ओळखतात. एक्स शून्य झाला, म्हणजे एक्स गेला. राहिला वाय. म्हणून तो वाय इंटरसेप्ट.

आणि मुलगा फुटबॉल खेळत असेल (बार्देशातला नववीतला मुलगा खेळत नसेल तर मला नवल वाटेल) तर हा शब्द त्याला मैदानावरून माहीत आहे. पास चाललेला असतो आणि डिफेंडर मधेच पाय घालून तो अडवतो, तेही इंटरसेप्टच. इथे पास म्हणजे रेषा, आणि तिला अडवणारे दोन डिफेंडर म्हणजे दोन अक्ष. ज्यानं अडवलं त्याच्या नावावर बिंदू. पुस्तकी व्याख्येपेक्षा हे मुलांच्या जास्त लक्षात राहतं असा माझा अनुभव आहे.

आता जरा गंमत. तुमच्या मुलाची चुकलेली रेषा फेकून देऊ नका, ती वाचा. त्यानं आडव्या अक्षावर १५ आणि उभ्यावर ६ घातले. म्हणजे त्याच्या आलेखाप्रमाणे सहाशे रुपयांत बांगड्यांचे १५ वाटे येतात, तर एक वाटा ४० रुपयांना पडला. नारळ मात्र सहाच येतात, म्हणजे एक नारळ शंभर रुपयांना. असा बाजार कुठे भरत असेल तर मला जरूर कळवा, मी पिशवी घेऊन निघतोच, नारळ मात्र घरूनच नेईन. सांगायचा मुद्दा असा की चुकलेली रेषाही काहीतरी बोलते, आणि ती काय बोलते ते ऐकलं की चूक आपली आपल्याला सापडते. आलेख काढून झाला की त्यानं स्वतःला एवढंच विचारावं: या चित्रात एका वाट्याचा भाव किती निघतो? सहाशे भागिले आडव्या अक्षावरचा आकडा. शंभर आले तर ठीक. चाळीस आले तर अदलाबदल झाली. यासाठी ना शिक्षक लागतो ना उत्तरसूची.

आता त्याचा खरा प्रश्न. सगळ्या पैशांचे नारळच कोण आणतं?

तुमच्याच घरात आणत असतील, ताई. श्रावण लागला की चवथ (गणेशचतुर्थी) होईपर्यंत आपल्याकडे कितीतरी हिंदू घरांत मासळी बंद असते. त्या दिवसांत बाजाराला गेलेला माणूस कुठल्या बिंदूवर उभा असतो? बांगडे शून्य. म्हणजे उभ्या अक्षावर, आणि सगळे पैसे नारळावर घालायचे म्हटलं तर थेट पंधरावर. वर दैवाचा खेळ बघा. यांत्रिक होड्यांची मासेमारी आपल्याकडे १ जून ते ३१ जुलै अशी ६१ दिवस बंद असते. १ ऑगस्टपासून ट्रॉलर पुन्हा समुद्रात जातात, बाजारात ताजी मासळी दिसू लागते आणि नेमका त्याच सुमाराला श्रावण येतो. मासे समोर आहेत, पैसे खिशात आहेत आणि माणूस उभ्या अक्षाला चिकटून बसलाय!

आणि उलटा माणूस? ज्याच्या परसात चार माड आहेत तो. पाडेली येऊन नारळ पाडून गेला की घरात ढीग पडतो, त्यानं बाजारात नारळावर एक रुपया तरी का घालावा? तो सगळे पैसे बांगड्यांवर घालू शकतो. सहा वाटे, शून्य नारळ. तो आडव्या अक्षावर. माझ्या लहानपणी आमचं घर याच अक्षावर होतं. आता पाडेली मिळवणंच इतकं कठीण झालंय की माड असूनही आम्ही नारळ विकत आणतो, म्हणजे अक्ष सोडून मधल्या रेषेवर आलो. पण ते रडगाणं वेगळं.

तर इंटरसेप्टवर बाजार करणारी माणसं असतात. बाकीचे आपण सगळे मधे कुठेतरी असतो, कारण बांगड्यांचं हुमण करायचं तर नारळ लागतोच. तरीही दोन टोकं आधी काढायची, कारण ती काढायला सगळ्यात सोपी. एक वस्तू झाकली की उरतो एक साधा भागाकार, आणि तो तोंडी होतो. मधला बिंदू काढायला दोन्ही वस्तूंचा हिशोब करावा लागतो. दोन टोकं सापडली की पट्टी लावली, रेषा आली.

त्याला जरा पुढे न्यायचं असेल तर विचारा, रेषेवरच्या किती बिंदूंवर खरोखर बाजार करता येईल? वाटा अर्धा देत नाहीत आणि नारळ अर्धा विकत नाहीत. एक वाटा घेतला तर उरलेल्या पाचशेत साडेबारा नारळ येतात. रेषेवर तो बिंदू आहे, बाजारात नाही. पूर्ण वाटे, पूर्ण नारळ आणि खिशात एकही रुपया उरलेला नाही, असे बिंदू फक्त चार: १५ नारळ आणि शून्य वाटे, १० नारळ आणि २ वाटे, ५ नारळ आणि ४ वाटे, शून्य नारळ आणि ६ वाटे. चारांतले दोन तर आपले इंटरसेप्टच. रेषेच्या खालचा त्रिकोण धरला, म्हणजे थोडे पैसे उरले तरी चालतील म्हटलं, तर खरेदीचे एकूण ५८ प्रकार होतात. त्यात रिकाम्या पिशवीनं परत येणंही आलं. मोजून बघायला सांगा. पावसाळ्यातल्या सुट्टीच्या दुपारी याहून बरा खेळ नाही.

एक वाटा जास्त घ्यायचा तर किती नारळ सोडावे लागतील, हेही याच रेषेवर वाचता येतं. सहा वाटे आडवं गेलं की पंधरा नारळ खाली उतरतो, म्हणजे एका वाट्यामागे अडीच नारळ सोडावे लागतात. शंभर भागिले चाळीस, तेच अडीच. पुढे अर्थशास्त्र घेतलं तर हीच रेषा त्याला 'बजेट लाइन' या नावानं पुन्हा भेटेल. तेव्हा ती ओळखीची वाटू दे.

पण मला या गणितातला सगळ्यात आवडता भाग वेगळाच आहे. भाव बदलला की रेषा कशी हलते ते बघणं. पाठ्यपुस्तकात यावर दोन ओळी असतील नसतील, आणि आपल्या बाजारात हे रोज घडतं.

जून लागला, ट्रॉलर बंद झाले, तोच वाटा आता १५० रुपयांना झाला असं धरू. (हे सगळे भाव मी हिशोबापुरते धरतोय, बाजारात जाऊन मला शोधू नका.) नारळाचा भाव तोच, खिशातले पैसे तेच. बोट ठेवा. नारळ झाकला तर ६०० भागिले १५०, म्हणजे ४ वाटे. आडव्या अक्षावरचा बिंदू सहावरून चारावर आला. बांगडे झाकले तर? तेच पंधरा. नारळाला बांगड्याच्या भावाशी काय देणंघेणं? म्हणजे रेषेचं वरचं टोक जागच्या जागी राहिलं आणि खालचं टोक आत सरकलं, बिजागरीवर दार फिरावं तसं. ज्याच्या घरी मासळी बंद आहे त्याला या भाववाढीची झळ बसत नाही, कारण तो बिजागरीपाशीच बसलाय. आणि नारळ महाग होऊन साठचा झाला तर उलटं होतं. वरचं टोक पंधरावरून दहावर उतरतं, खालचं सहावरच राहतं. माडवाल्याला त्याचं काहीच नाही, आणि ज्यांना रोज नारळ विकत घ्यावा लागतो त्यांना किती आहे हे मला सांगायला नको.

आता तिसरा प्रकार. भाव तेच, पण सहाशेतले चाळीस रुपये जाऊन येऊन बसला गेले. उरले ५६०. नारळाकडे १४, बांगड्यांकडे ५.६. दोन्ही टोकं आत आली आणि रेषा पहिल्या रेषेला समांतर राहिली. भाव बदलले नसतील तर एका वाट्यामागे अडीच नारळ हा दर बदलणार कसा? म्हणून उतार तोच. खिसा हलका झाला की रेषा सरकते, भाव बदलला की फिरते. हे एकदा हातानं काढून बघितलं की मग पाठ करावं लागत नाही.

त्या ५.६ वर जरा थांबा, कारण इथे मुलं घाबरतात. "सर, पॉइंट सहा वाटा कसा?" आलेखावर बिंदू ५.६ वरच काढायचा, परीक्षेत उत्तरही ५.६ च लिहायचं, रेषेला पूर्णांकांशी मतलब नाही. पण अर्थ सांगताना लिहायचं की नुसते बांगडे घेतले तर पूर्ण ५ वाटे येतात आणि ६० रुपये उरतात. त्या साठात एक नारळ येतो आणि वर वीस उरतात. प्रश्नात 'अर्थ सांगा' असतं तिथे मार्क या वाक्यालाच असतात, आणि मुलं नेमकी तीच जागा कोरी सोडतात.

घासाघीस हाही इंटरसेप्टचाच खेळ आहे, हे मला फार उशिरा सुचलं. वाट्याचा भाव मासळीवाली सहसा उतरवत नाही. आपण म्हणतो, "आनीक एक घाल गो." ती कुरकुरत एक बांगडा वर टाकते. वाटे मोजत असाल तर आलेखात काहीच हललं नाही, सहा ते सहाच. पण आडव्या अक्षावर वाट्यांऐवजी बांगडे मोजा. एका वाट्यात पाच बांगडे धरले तर टोक तिसावर होतं. प्रत्येक वाट्यावर एक जास्त मिळवला तर ते छत्तीसावर गेलं. भाव शंभरच राहिला, मासळीवालीचा शब्द राहिला आणि तुमचा इंटरसेप्ट सहा बांगड्यांनी पुढे सरकला. माझी आई हे गणित न काढता दर आठवड्याला सोडवायची.

एक दुसऱ्या जातीचा आलेखही आहे, आणि तो याच धड्यात येत असल्यामुळे मुलांची हमखास गल्लत होते. समजा पोदेरासाठी (पाववाल्यासाठी) तुम्ही डब्यात ३०० रुपये ठेवलेत आणि रोज २० रुपयांची पोई (गोव्याचा पाव) घेता. आडव्या अक्षावर दिवस, उभ्या अक्षावर डब्यात उरलेले रुपये. इथे मात्र रुपये अक्षावर आहेत, म्हणून ३०० उभ्या अक्षावर ठसठशीत दिसतात. तो एक इंटरसेप्ट: अजून एकही दिवस गेला नाही, डबा भरलेला. रेषा रोज वीस रुपयांनी उतरत आडव्या अक्षाला पंधराव्या दिवशी गाठते. तो दुसरा: डबा रिकामा. बघा, पुन्हा पंधरा आले. पण मघाचे पंधरा नारळ होते, उभ्या अक्षावर. हे पंधरा दिवस आहेत, आडव्या अक्षावर. सहाशे अक्षावर शोधायची सवय तुमच्या मुलाला लागली असेल ती असल्याच गणितांवरून, असा माझा दाट संशय आहे. एका प्रकारात तो बरोबर वागला, दुसऱ्यात तेच वागणं अंगाशी आलं.

या पोदेराच्या रेषेची आणखी एक गंमत. ती आडव्या अक्षाच्या खाली गेली तरी तिला अर्थ आहे. सोळाव्या दिवशी उणे वीस, म्हणजे पोदेराची वीस रुपये उधारी. हॉर्न वाजवत सायकल दारात आली, डबा रिकामा, "फाल्यां दितां" (उद्या देईन) म्हणून पोई घेतली, झाली रेषा खाली. बांगडे-नारळाच्या रेषेला मात्र ही मुभा नाही. सातवा वाटा हवा असेल तर समीकरण म्हणतं, नारळ उणे अडीच. म्हणजे बाजारात उलट आपणच अडीच नारळ विकायला बसायचं! कागदावर रेषा दोन्ही बाजूंना हवी तेवढी लांबवता येते, पण या गणितात ती दोन इंटरसेप्टच्या मधेच काढायची. तुमच्या मुलानं दोन्ही टोकांना बाण काढले असतील तर तेही पुसायला सांगा.

शिकवणी लावू नका. ज्याला समीकरण मांडता येतं, दोन्ही भागाकार बरोबर येतात आणि वर 'असला बाजार कोण करतो' असं विचारायचं सुचतं, त्याला महिन्याला पैसे भरून आणखी वीस तसलीच गणितं करायला बसवण्यात अर्थ नाही. तुम्ही म्हणता माझं गणित दहावीला सुटलं. मग गेली इतकी वर्षं सहाशे रुपयांत घरचा बाजार कोण करतंय? त्याच्याशेजारी बसा, गणित त्याला मांडू दे, तुम्ही फक्त प्रत्येक आकड्याला विचारा: हे काय, नारळ की बांगडे? तुम्ही चौथीपर्यंत मराठीत शिकला असाल, तो आता सगळं इंग्रजीत लिहितो, पण हा प्रश्न कोणत्याही भाषेत चालतो.

शिक्षकांना तुम्ही भेटू नका, त्याला भेटू दे. मार्क वाढवून मागायला नको, कारण रेषा खरंच चुकली होती, आणि दोन मार्क समीकरणाचे आणि भागाकारांचे मिळाले असतील तर मीही तेवढेच दिले असते. त्यानं दुरुस्त केलेला आलेख घेऊन जावं आणि चुकलेल्या रेषेत नारळ शंभराला पडत होता हेही सांगावं. शिक्षक चांगले असतील तर वर्गात ते उदाहरण म्हणून घेतील. नसतील तर निदान हसतील.

आणि सुट्टीतल्या एखाद्या शुक्रवारी त्याला म्हापशाच्या बाजाराला न्या. सहाशे रुपये त्याच्या हातात द्या आणि तुम्ही मागे राहा. सकाळीच जा. उशिरा गेलात तर मासळीवाल्या टोपल्या रिकाम्या करायच्या घाईत असतात, शंभराचा वाटा सत्तरला देतील आणि घरून काढून नेलेली रेषा तिथेच बसून पुन्हा काढावी लागेल.